नॉट, विथ आणि स्टँडिंग

पत्र आलं तेव्हा मॅनेजर उभे होते आणि वाचून झाल्यावर ते खुर्चीत बसले. पुढे जो गोंधळ झाला त्याचं सगळं सार एवढ्यातच होतं. पण बटणांच्या काउंटरमागे उभ्या असलेल्या ताईंना ते कसं कळावं? त्यांनी सरळ अर्थ काढला. साहेब पत्र वाचून बसले, म्हणजे नकार आला.

पत्र ताईंच्याच अर्जाचं उत्तर होतं. बटणं, दोरे आणि लेस विकणाऱ्या त्या दुकानात ताई बावीस वर्षं बटणं विकत होत्या. त्यांच्या पाठीमागे भिंतभर लाकडी खण होते, एकूण सहाशे चाळीस, आणि प्रत्येक खणावर आतल्या मालाचं एक बटण नमुन्याला चिकटवलेलं. माणसं तळहातावर एकुलतं एक बटण घेऊन यायची आणि ‘असलंच द्या’ म्हणायची. ताई ते बटण उजेडाला धरायच्या, बोटाने उलटं करायच्या आणि न बघता मागच्या नेमक्या खणात हात घालायच्या. अगदीच जोड नसला तर म्हणायच्या, “हे नाही मिळायचं, पण याचा चुलतभाऊ आहे आमच्याकडे.” चुलतभाऊ शर्टाला लावला की सख्ख्यासारखा दिसायचा.

हे सगळं उभ्याने करायचं. दाराच्या वर संस्थापकांची पाटी होती: ‘गिऱ्हाईक उभं, तर आपण उभे.’ पाटी लावली तेव्हा संस्थापक तिशीचे होते आणि त्यांचे गुडघेही तिशीचेच होते. पुढे ते वारले, पाटी मात्र राहिली. ताईंनी उभ्या आयुष्यात कशाची तक्रार केली नव्हती, पण उभं आयुष्य म्हणजे इतकं उभं असेल असंही त्यांना वाटलं नव्हतं. गेल्या वर्षापासून दोन्ही गुडघे संध्याकाळी टम्म फुगायचे. डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं.

“एक तर बसून काम करा, नाहीतर घरी बसा. दोन्हीत बसायचंच आहे, कुठे ते तुम्ही ठरवा.”

घरी बसायची कल्पनाच ताईंना सोसेना. मुलीचं कॉलेज अजून व्हायचं होतं हे खरं, पण तेवढंच नव्हतं. घरी सहाशे चाळीस खण नव्हते. कोणी तळहात पुढे करून ‘असलंच द्या’ म्हणणार नव्हतं. म्हणून त्यांनी एक स्टूल मिळावं असा चार ओळींचा अर्ज लिहिला, आणि मॅनेजरांनी त्याचं इंग्रजी करून तो हेड ऑफिसला धाडला.

मॅनेजरांना इंग्रजीचा फार अभिमान. पाठीमागे सगळे त्यांना ‘स्पेलिंग’ म्हणत. त्यांच्याकडे विटेएवढी जाड डिक्शनरी होती, पण ती केबिनच्या खिडकीत उभी असायची, वाऱ्याने खिडकी आपटू नये म्हणून. उघडायची गरज काय, असा त्यांचा सवाल होता. डिक्शनरी लागते ती इंग्रजी न येणाऱ्याला.

“ताई, काका, इकडे या,” मॅनेजरांनी हाक मारली. काका म्हणजे दोऱ्यांच्या काउंटरवरचे, साठीला टेकलेले. “हेड ऑफिसने कमाल केली आहे.” मग त्यांनी खाकरून पत्र वाचलं. पत्रात एकच वाक्य होतं. “नॉटविथस्टँडिंग द सेड रिक्वेस्ट, द स्टाफ शॅल सर्व्ह कस्टमर्स अ‍ॅज पर द रूल्स.”

काकांनी विचारलं, म्हणजे काय?

“शब्द फोडा. नॉट, विथ, स्टँडिंग. नॉट म्हणजे नाही. विथ म्हणजे सह. स्टँडिंग म्हणजे उभं राहणं. उभं राहण्यासह नाही. म्हणजेच बसून.”

“मग तीन शब्द एकाला एक चिकटून का?”

“कागद वाचवतात ते. काटकसर आहे हेड ऑफिसची.”

ताईंचा विश्वास बसायला वेळ लागला, पण बसला. मॅनेजर मात्र तिथेच थांबणारे नव्हते. ‘शॅल’ या शब्दाखाली त्यांनी पेन्सिलीने दोन रेघा मारल्या. ‘शॅल’ म्हणजे सक्ती. आणि ‘स्टाफ’ म्हणजे नुसत्या ताई नव्हेत, सगळेच. अ‍ॅज पर द रूल्स, म्हणजे आजपासून हाच रूल. त्यांनी शिडी आणवून स्वतःच्या हाताने संस्थापकांची पाटी उतरवली आणि भिंतीकडे तोंड करून ठेवली.

गोदामातून जुनी स्टुलं निघाली. सगळे बसले आणि पहिली अडचण तिथेच उभी राहिली. काउंटर उभ्या माणसाच्या मापाचे होते. बसल्यावर काउंटरवरून फक्त भांग दिसत होते. एक गृहस्थ आत आले, इकडे तिकडे बघून ‘दुकानात कोणी आहे का’ असं दोनदा विचारून परत निघाले, तेव्हा काउंटरमागून काकांचा हात वर आला. गृहस्थ जे दचकले ते पुन्हा आलेच नाहीत.

मॅनेजरांनी सुतार बोलावला. त्याने काउंटरचे पाय दीड वीत कापले. आता दुकानदार दिसू लागले, पण गिऱ्हाइकांना कमरेत वाकून बोलावं लागायला लागलं. दोन दिवसांत तीन गिऱ्हाइकांनी कमरेला हात लावून दाखवला. तेव्हा सुताराने कापलेल्या तुकड्यांचीच बुटकी स्टुलं केली आणि ती गिऱ्हाइकांसाठी काउंटरपुढे मांडली. लाकूड चांगलं होतं, वाया घालवायला त्याचं मन झालं नाही.

काकांचं वेगळंच. चाळीस वर्षं ते उभे होते म्हणूनच जागे होते हे कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. बसले की दोन मिनिटांत त्यांची मान छातीवर यायची. त्यांनी हात जोडून सांगितलं, मला उभं राहू द्या. मॅनेजर म्हणाले, मी कोण देणारा, हेड ऑफिसचं पत्र आहे. शेवटी गिऱ्हाइकांनाच सवय झाली. ती हळूच रीळ काढायची, हवा तेवढा दोरा मोजून घ्यायची, वहीत लिहायची आणि काकांची झोपमोड न करता निघून जायची. काकांच्या काउंटरवरची घासाघीस मात्र कायमची बंद झाली. झोपलेल्या माणसाशी भाव कसा करायचा?

ताईंचा प्रश्न वरच्या खणांचा होता. उभं राहायचं नाही, तर हात पोचणार कसा? सुताराकडून त्यांनी आकडा लावलेली लांब काठी करून घेतली, आणि मग चार दिवस लागून सगळे खण नव्याने लावले. जे रोज लागतं ते हाताशी, ज्याला दहा वर्षांत कोणी विचारलं नाही ते वर. लावता लावता त्यांच्या ध्यानात आलं की खण पूर्वी रंगाच्या क्रमाने लावलेले होते, खपाच्या नाही. बावीस वर्षं त्या पांढऱ्या शर्टाच्या बटणांसाठी दिवसातून चाळीसदा टाचा उंचावत होत्या. त्यांना हसावं की रडावं कळेना. त्या हसल्या.

दुकानाचंही बस्तान बसू लागलं. गिऱ्हाईक बसलं की चटकन उठत नाही. एका बटणासाठी आलेला माणूस ‘आता बसलोच आहे तर’ म्हणून पँटची चेन बघायचा, बायकोच्या ब्लाउजचे हूक आठवायचा. शेजारी बसलेल्या अनोळखी बाई त्याला कोणता रंग शोभेल ते सांगायच्या. मॅनेजर या सगळ्याकडे असे बघायचे, जणू हे पत्र त्यांनीच लिहिलं होतं.

आणि ताईंचे गुडघे? त्या राहायच्या तिसऱ्या मजल्यावर. वर्षभर त्या दुसऱ्या मजल्याच्या वळणावर थांबून पिशवी आवरल्याचं नाटक करायच्या. तिसऱ्या आठवड्यात एका संध्याकाळी त्या घराच्या दारात पोचल्या तेव्हा लक्षात आलं, आज पिशवी आवरलीच नाही. दार उघडलेल्या मुलीने आईच्या चेहऱ्याकडे बघितलं आणि विचारलं, “आज न थांबता? बघू तरी ते तुझं जादूचं पत्र.”

ताईंनी कौतुकाने कपाटातून पत्राची प्रत काढून दिली. मुलगी आधी हसली. मग तिने पुन्हा वाचलं आणि हसायची थांबली.

“आई, हा एकच शब्द आहे. याचा अर्थ ‘असे असूनही’.”

“म्हणजे?”

“म्हणजे तू विनंती केली असूनही, सगळ्यांनी जुन्या नियमाप्रमाणेच काम करायचं. त्यांनी नाही म्हटलंय गं.”

ताईंना धक्का बसला, आणि सोबत त्याही बसल्या. थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, एवढंसं ‘नाही’ म्हणायला इतका लांब शब्द कशाला लागतो? मुलगी म्हणाली, आपल्या भाषेत नाही म्हटलं तर माणूस भांडायला येतो, असल्या इंग्रजीत म्हटलं तर आभार मानतो. ताईंनी खरोखरच आभाराचं पत्र धाडलं होतं.

आता करायचं काय? खरं सांगितलं तर पाटी परत वर जाणार, स्टुलं गोदामात आणि ताई घरी. शिवाय साहेबांची अब्रू जाणार, आणि कापलेल्या काउंटरचा ठपका त्यांच्यावर येणार. न सांगितलं तर? न सांगणं सोपं होतं. रोज सकाळी ताई ठरवायच्या, आज सांगते. मग एखादं गिऱ्हाईक समोर बसायचं, तळहात उघडायचं, आणि सकाळचं सांगणं संध्याकाळवर जायचं. संध्याकाळी जिना चढताना गुडघे दुखायचे नाहीत, मन मात्र दुखायचं. एकदाच त्यांनी धीर करून विषय काढला.

“साहेब, तो शब्द डिक्शनरीत बघितला होता का तुम्ही?”

“डिक्शनरी कशाला? इंग्रजी येतं मला.”

ताईंना सुटल्यासारखं वाटलं, आणि सुटल्यासारखं वाटलं याची लाजही वाटली. असे पंधरा दिवस गेले.

गाडं असंच चाललंही असतं, पण मॅनेजरांना स्वस्थ बसवेना. त्यांनी हेड ऑफिसला इंग्रजीत सविस्तर अहवाल पाठवला. हुकमाची अंमलबजावणी झाली आहे, सगळा स्टाफ यशस्वीरीत्या बसला आहे, काउंटरचे पाय कापले आहेत, आता गिऱ्हाइकंही बसतात. अहवाल मंगळवारी गेला. गुरुवारी निरोप आला की मोठ्या बाई उद्या स्वतः येत आहेत. मोठ्या बाई म्हणजे संस्थापकांच्या पत्नी, पाचही शाखांच्या मालकीण. मॅनेजरांना वाटलं, पाठ थोपटायला येत आहेत. ताईंना वाटलं, संपलं.

शुक्रवारी अकराला गाडी थांबली. मालकीण येताना बसून राहायचं की उभं राहायचं यावर मॅनेजरांचं काही ठरेना. आदर म्हणत होता उभे राहा, पत्र म्हणत होतं बसा. शेवटी ते गुडघ्यात वाकून मधल्यामध्ये अडकले. काका गाढ झोपले होते.

आधी सेक्रेटरी आत आला, हातात फाईल घेतलेला, कडक इस्त्रीचा माणूस. त्याने कापलेले काउंटर बघितले, उतरवलेली पाटी बघितली, ओळीने बसलेली माणसं बघितली. त्याच्यामागून मोठ्या बाई काठी टेकत आल्या.

“बाई, हे दुकान बसलं,” सेक्रेटरी म्हणाला.

“दिसतंय,” त्या म्हणाल्या. मग सरळ ताईंच्या पुढ्यातल्या बुटक्या स्टुलावर बसल्या, काठी काउंटरला टेकवली आणि पिशवीतून एक जुना गडद कोट काढला. कोट पुरुषी होता, आणि त्याचं एक बटण गेलेलं होतं. “असलंच द्या.”

ताईंनी कोटावर उरलेल्या बटणांपैकी एक बोटांत धरलं. त्यांनी ते उलटं केलं. शिंगाचं, चार भोकांचं, कडेला बारीक रेघ. वरून दुसरी रांग, डावीकडून अकरावा खण. बसल्याबसल्या त्यांनी काठीच्या आकड्याने खण ओढला, आतली डबी अलगद खाली आली. चुलतभाऊ नव्हे, सख्खाच निघाला. मोठ्या बाईंनी बटण मुठीत धरलं.

“यांचा कोट,” त्या म्हणाल्या. “ती पाटी त्यांनीच लावली होती. शेवटची दोन वर्षं गुडघ्यांनी जिना उतरता येईना. दुकान बघायचंय म्हणायचे रोज. पाटी काढायचं मात्र कोणालाच सुचलं नाही, त्यांनाही नाही.”

सेक्रेटरी मध्येच खाकरला. त्याने फाईलमधून पत्र काढून मॅनेजरांपुढे धरलं आणि पहिल्या शब्दावर बोट ठेवलं. “याचा अर्थ माहीत आहे तुम्हाला? ‘असे असूनही’. विनंती नामंजूर केली होती.”

मॅनेजरांनी पत्र बघितलं, खिडकीतली डिक्शनरी बघितली, पुन्हा पत्र बघितलं. ते इतक्या वर्षांचे ‘स्पेलिंग’, पण त्यांच्या तोंडून एक अक्षर फुटेना. तेवढ्यात ताई उठून उभ्या राहिल्या. महिनाभरानंतर पहिल्यांदाच त्या काउंटरमागे उभ्या होत्या.

“साहेबांची चूक नाही, बाई. त्यांना खरंच तसं वाटलं. मला पंधरा दिवसांपासून खरा अर्थ माहीत आहे, मुलीनं सांगितला. माहीत असून मी गप्प बसले. काय ती शिक्षा मला करा.”

“उभ्या कशाला राहिलात?” मोठ्या बाई म्हणाल्या. “बसा आधी.”

“पण पत्रात...”

“पत्रावर सही माझी आहे. त्यात काय आहे ते मला विचारा.” त्या सेक्रेटरीकडे वळल्या. “यांचा अर्ज आला तेव्हा मी तुम्हाला काय सांगितलं होतं?”

“तुम्ही म्हणालात, त्या बाईंना नियमात बसवा.”

“मग? बसवा म्हटलं होतं ना?”

सेक्रेटरीने फाईल मिटली. ‘नियमात बसवा’ म्हणजे नियमावर बोट ठेवून गप्प करा, असा अर्थ त्याने घेतला होता. इतक्या वर्षांत दुसरा अर्थ त्याला दिसलाच नव्हता.

“तुम्ही लिहून आणलंत,” मोठ्या बाई म्हणाल्या. “मी पहिला शब्द वाचला. नॉट, विथ, स्टँडिंग. म्हटलं, बरोबर लिहिलंय, आणि केली सही. पुढचं वाचायचं कारणच नव्हतं.”

काका घोरतच होते. मोठ्या बाईंनी तो शब्द खरोखर तसा वाचला होता की आत्ता इथे बसल्यावर तसा वाचायचं ठरवलं, हे ताईंना पुढे कधीच कळलं नाही. एवढंच दिसलं की बोलताना बाई मुठीतल्या बटणावर अंगठा फिरवत होत्या. ताई बसल्या. डोळ्यांतलं पाणी पुसायला त्यांनी लेसचा तुकडा घेतला आणि तो नंतर स्वतःच्या नावावर लिहून ठेवला.

“सगळ्या शाखांना पत्र जाऊ दे,” मोठ्या बाई उठत म्हणाल्या. “पहिला शब्द तोच ठेवा. चांगला आहे. बाकीचं तुमच्या इंग्रजीत.”

त्या दिवशी दुपारभर केबिनची खिडकी धाडधाड आपटत होती. साहेब डिक्शनरी वाचत आहेत हे सगळ्यांना कळलं, पण कोणी काही बोललं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी डिक्शनरी पुन्हा खिडकीत होती, आणि काकांना उभं राहायची लेखी परवानगी मिळाली होती.

पुढच्या आठवड्यात सेक्रेटरीचं नवं पत्र पाचही शाखांत पोचलं. “नॉटविथस्टँडिंग द ओल्ड रूल, द स्टाफ शॅल सिट.” ताईंनी ते मुलीला दाखवलं. मुलीने दोनदा वाचलं आणि म्हणाली, व्याकरणात खोट नाही.

त्याच दुपारी दुसऱ्या शाखेच्या मॅनेजरांचा फोन आला. ते गोंधळलेले होते. त्यांनी म्हणे डिक्शनरी काढून तो पहिला शब्द बघितला होता, आणि तिथे भलताच अर्थ निघाला होता, ‘असे असूनही’ की काहीतरी. मग नक्की करायचं काय?

मॅनेजर खुर्चीत मागे रेलले. काउंटरमागून ताई ऐकत होत्या, समोर एक आजोबा तळहातावर बटण घेऊन निवांत बसले होते.

“तोही अर्थ बरोबर आहे,” मॅनेजर उदारपणे म्हणाले. “डिक्शनरीतला घ्या नाहीतर आमचा घ्या. दोन्हीत बसायचंच आहे.”